‘संत तुकाराम’मधल्या जिजाईबद्दल: गौरीबाईंविषयी कुणी सांगेल का?

कोरांटी

नमस्कार मंडळी,

प्रभातचा ‘संत तुकाराम’ नुकताच पहिल्यांदा सलग पाहिला. लहानपणी आषाढीच्या सुमारास टीव्हीवर लागायचा तेव्हा तुकड्या-तुकड्यांनी पाहिला होता. तेव्हा लक्षात राहिलं होतं ते शेवटचं गरुडाचं विमान आणि ‘आधी बीज एकले’. या वेळी मात्र माझी नजर पहिल्यापासून शेवटपर्यंत एकाच बाईवर होती. ती म्हणजे तुकोबांची बायको, जिजाई.

विष्णुपंत पागनीसांबद्दल भरपूर वाचायला मिळतं. ते नाटकात स्त्रीभूमिका करायचे, या चित्रपटानंतर लोक त्यांनाच तुकाराम समजून पाया पडायचे, वगैरे. जिजाई करणाऱ्या बाईंचं नाव मात्र श्रेयनामावलीत नुसतं ‘गौरी’. आडनाव नाही, पुढे ‘बाई’ नाही, मागे ‘मिस’ नाही.

माझे प्रश्न असे:
या गौरीबाई प्रभातमध्ये आल्या कशा? त्या नाटकातल्या होत्या का? मला तसं वाटत नाही, कारण त्यांच्या बोलण्यात नाटकी हेल अजिबात नाही. दुसरं, त्यांनी आणखी काय केलं? आणि तिसरा प्रश्न जरा वेगळा आहे. घरी चित्रपट पाहताना माझे मामा म्हणाले, “ही बाई अभिनय करतच नाहीये, ती तशीच असणार.” मामांनी हे कौतुकाने म्हटलं, पण मला ते खटकलं. का खटकलं ते नीट सांगता येईना. जाणकारांनी लिहावं.

जुनी_रिळं

कोरांटी, पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरं थोडक्यात देतो.

गौरीबाई नाटकातल्या नव्हत्या, तुमचा अंदाज बरोबर आहे. त्या प्रभात कंपनीत कलावंत म्हणून आल्याच नाहीत. स्टुडिओत पडतील ती हलकीसलकी कामं करणाऱ्या बाई, मग घोळक्यात उभी राहणारी एक्स्ट्रा, आणि मग पडद्यावर नाव येणारी नटी, अशी त्यांची वाटचाल आहे. जिजाई हा त्यातला सगळ्यात मोठा टप्पा. त्यानंतर १९४१ च्या ‘संत सखू’मध्ये त्यांनी सखूची सासू केली. सखू होत्या हंसा वाडकर.

हे प्रभातमध्येच घडू शकलं याला कारण आहे. १ जून १९२९ ला कोल्हापुरात कंपनी सुरू झाली ती पाच भागीदारांची: दामले, फत्तेलाल, शांताराम, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी. यातले पहिले चौघे बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत हाताने कामं करून शिकलेले. तिथे पडदे रंगवणारा माणूस कॅमेऱ्यामागे जायचा, सुतारकाम बघणारा वेळ पडली तर तोंडाला रंग लावायचा. तीच रीत प्रभातमध्ये आली. नट-नटी, तंत्रज्ञ, कामगार सगळे महिन्याच्या पगारावर, रोज ठरलेल्या वेळी हजर. १९३३ मध्ये कंपनी पुण्याला एरंडवण्यात आली (आज तिथे फिल्म इन्स्टिट्यूट आहे), तेव्हा ते एक गावच होतं. अशा ठिकाणी कोणाच्या अंगात काय आहे ते मालकांना रोज डोळ्यांसमोर दिसतं.

चित्रपटाविषयी: दिग्दर्शन दामले-फत्तेलाल, लेखन शिवराम वाशीकर, संगीत केशवराव भोळे. तुम्ही म्हणता ते ‘आधी बीज एकले’ तुकोबांचं नाही, शांताराम आठवल्यांचं आहे. ते इतकं बेमालूम उतरलं की लोक गाथेत शोधत बसायचे. चित्रपट १२ डिसेंबर १९३६ ला मुंबईत सेंट्रल सिनेमाला लागला आणि ५७ आठवडे चालला. १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला.

तिसऱ्या प्रश्नावर तिसरी_घंटा यांनी लिहावं. त्यांचा विषय आहे.

खडूफळा

कोरांटी, मला तुमच्या मामांचं म्हणणं पटतं, आणि त्यात कमीपणा काही नाही. दामले मास्तरांची थोरवीच यात आहे की त्यांनी खरी कष्टकरी बाई ओळखली आणि तिला तशीच राहू दिली. पुढे इटलीत डी सिका यांनी १९४८ च्या ‘बायसिकल थीव्ह्ज’साठी कारखान्यातला कामगार नायक म्हणून घेतला, त्याचं जगभर कौतुक झालं. आपल्याकडे ते बारा वर्षं आधी झालं होतं. पण अशा वेळी श्रेय निवडणाऱ्याचं असतं. गौरीबाईंनी काही ‘साकारलं’ असं म्हणणं मला जड जातं. त्या होत्याच तशा, कॅमेरा फक्त समोर ठेवला गेला.

तिसरी_घंटा

खडूफळा सर, तुमचं म्हणणं मी याआधी पुष्कळांकडून ऐकलं आहे. तुम्ही ते आदरानेच लिहिलं आहे, हेही कळतं. तरी मला ते मान्य नाही, आणि का नाही ते सविस्तर लिहिते. कोरांटी, तुला जे खटकलं तेच मला गेली कित्येक वर्षं खटकत आलं आहे.

मी सांगली-मिरजेकडे हौशी रंगभूमीवर काम करते. माझ्या वाट्याला सासू, शेजारीण, गावाकडची आत्या, दवाखान्यातली आया अशी कामं येतात. नायिका मी कधी केली नाही आणि मला ती करायचीही नव्हती. मला दुय्यम भूमिका आवडतात. परीक्षणात शेवटच्या ओळीत ‘इतरांनी समर्पक साथ दिली’ असं छापून येतं, त्या ‘इतरां’मध्ये मी असते. त्यामुळे जिजाईकडे मी बघते ते प्रेक्षक म्हणून कमी आणि त्याच धंद्यातली बाई म्हणून जास्त.

आधी ‘ती तशीच होती’ याचा हिशेब करू. दुर्गाबाई खोटे मुंबईच्या सधन, शिकलेल्या घरातल्या. १९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’त त्या तारामती झाल्या. राणीच्या वेषात त्या शोभून दिसल्या तेव्हा कुणी म्हटलं नाही की ‘यात अभिनय कसला, बाई श्रीमंतच आहे’. पुढे तीच तारामती दासी होऊन राबते, तेव्हा मात्र सगळ्यांनी म्हटलं, काय अभिनय आहे! दोन्हीकडे त्यांच्या कामाला काम म्हटलं गेलं, आणि ते योग्यच होतं. मग गौरीबाई राबणारी बाई करतात तेव्हाच ते ‘असणं’ का होतं? झाडलोट करणाऱ्या बाईला झाडलोट येते, हे खरं. पण झाडलोट करताना आपल्या मनात काय चाललंय ते पाचशे माणसांना दाखवणं ही निराळी गोष्ट आहे. ती कुणालाही जन्मतः येत नाही.

आणि डी सिकांचा कामगार कॅमेऱ्यासमोर नवखा होता. गौरीबाई नवख्या नव्हत्या. कंपनीत रोज येणारी, घोळक्यात उभी राहणारी एक्स्ट्रा काय काय शिकते याचा विचार करा. भिंगाकडे बघायचं नाही. खुणेवर थांबायचं, पण खूण बघत थांबलो असं दिसू द्यायचं नाही. दिव्यांच्या भट्टीत तासन्‌तास उभं राहून दहाव्या वेळीही पहिल्यांदा बातमी कळल्यासारखं दचकायचं. फिल्म महाग, म्हणून प्रभातमध्ये तालमी कसून व्हायच्या, आणि त्या तालमी एक्स्ट्रा मंडळी बाजूला बसून बघायची. गौरीबाईंची शाळा ती होती. आमच्याकडे विंगेत उभं राहून शिकलेल्या नट्या असतात, त्यातली ही जात.

आता प्रत्यक्ष काम बघू. त्या चित्रपटात तीन तऱ्हेचे अभिनय आहेत. पागनीसांचा तुकाराम जवळजवळ हलतच नाही. मान किंचित वर, डोळे कुठेतरी पलीकडे, आवाज भजनातला. भागवतांचा सालोमालो पूर्ण संगीत नाटकातला, हातवारे, भुवया, चरण आळवून दाखवणं. (तो तुकोबाचे अभंग आपल्या नावावर खपवतो, म्हणून त्याला तो दिखाऊ बाज शोभतोच.) आणि तिसरी जिजाई. ती या दोघांपैकी कुणाच्याच सुरात बोलत नाही. तिचं बोलणं समोरच्या माणसापुरतं आहे.

हे मला फार महत्त्वाचं वाटतं. त्या काळचे बहुतेक नट नाटकातून आलेले. नाटकात ध्वनिक्षेपक नव्हते, शेवटच्या रांगेपर्यंत आवाज फेकायची सवय घशात बसलेली. बोलपट आला आणि मायक्रोफोन डोक्यावर लटकला, तरी ती सवय जाईना. त्या सुमाराचे बोलपट बघताना आपल्याला जे अवघडल्यासारखं होतं त्याचं निम्मं कारण हेच. गौरीबाईंना विसरावं लागेल असं काही त्यांच्या घशात नव्हतं. नंतर डबिंग करून दुरुस्तीची सोय नव्हती, सेटवर जे बोललं तेच फिल्मवर. त्या सोयीशिवाय त्यांनी कामात हात गुंतलेले असताना बोलणं साधलं आहे. हे किती अवघड आहे ते करून बघावं. हाताने काम करू लागलं की वाक्य विसरतं, वाक्य आठवलं की हात थबकतात. आमच्या मंडळात नव्या मुलींना मी भाकरी थापत संवाद म्हणायला लावते आणि बहुतेकींची भाकरी संवादाच्या मध्ये थांबते. जिजाईची भाकरी थांबत नाही. म्हैस असो, पोरं असोत, चूल असो, तिचा राग कामाच्या लयीत मिसळलेला आहे.

देवळाच्या प्रवेशाबद्दल लिहिल्याशिवाय मला पुढे जाता येणार नाही. पोरगा तापाने आजारी. वैद्याला द्यायला पैसा नाही. नवरा विठ्ठल विठ्ठल करत बसलेला. ती पायातली वहाण हातात घेते, दुसऱ्या हाताने पोराचा दंड धरते आणि त्याला ओढत देवळात नेते, ज्याने घराची ही दशा केली त्या विठोबालाच मारायला.

या जागी मुरलेली नटी काय करेल सांगते. ती आजारी पोराला उचलून छातीशी धरेल, पदर सावरेल, आणि देवासमोर हंबरडा फोडेल. प्रेक्षागृह रडेल, टाळी पडेल. मीही कदाचित तेच केलं असतं. गौरीबाई पोराला ओढतात. आजारी पोराला! त्यात माया कुठे दिसत नाही आणि तरी सगळी मायाच आहे, कारण तिच्याकडे मायेचे लाड करायला वेळ नाही. तिला उपाय हवा आहे, आत्ता. दिग्दर्शकांनी सांगितलं म्हणून ओढलं असेल, कबूल. पण ओढण्यात नुसता राग दिसला असता तर ती दुष्ट वाटली असती, नुसती कणव दिसली असती तर प्रवेश खोटा पडला असता. त्या दोन्हींच्या मधली अरुंद वाट त्यांनी सापडवली आहे, आणि ती वाट कुणी सांगून सापडत नाही.

पुढे चमत्कार होतो, पोर बरं होतं, आणि ती थक्क होते. तिथेही बघा. थक्क होणं ही नटांची आवडती जागा, डोळे विस्फारायची. गौरीबाई फार काही करत नाहीत. एवढा वेळ सतत हलत असलेली बाई पहिल्यांदा थांबते. आधीचं सगळं हलणं या एका थांबण्यासाठी राखून ठेवल्यासारखं वाटतं.

आता साथीबद्दल. पागनीसांचा शांतपणा आपल्याला शांतपणा म्हणून जाणवतो तो जिजाईमुळे. ती बाजूला नसती तर सव्वादोन तास मान वर करून गाणारा माणूस आपल्याला देवघरातल्या तसबिरीसारखा वाटला असता. ती त्याला टोचते, खेचते, हिशेब विचारते, त्याने धान्य वाटून टाकलं की उपाशी पोरं त्याच्यासमोर उभी करते. तेव्हा त्याच्या विरक्तीची किंमत आपल्याला कळते. ही किंमत कोण मोजतंय हेही कळतं. शिवाजी महाराजांकडून नजराणा येतो तेव्हा तिला आणि पोरांना होणारा आनंद आठवा. त्यात हाव नाही. जन्मभर न मिळालेली वस्तू एकदा हातात आल्यावर माणूस जसा होईल तसा आनंद आहे तो. म्हणून तो परत करायची वेळ येते तेव्हा आपण मनाने तुकोबाच्या बाजूला असतो आणि पोटाने जिजाईच्या. दुय्यम नटीचं काम एवढंच असतं, की प्रेक्षकाला नायकाच्या बाजूला सहजासहजी जाऊ द्यायचं नाही.

श्रेयनामावलीतल्या एकट्या नावाबद्दल तू विचारलंस. तेव्हा सिनेमात काम करणाऱ्या बायकांची नावं कंपन्याच ठरवायच्या. बाबूराव पेंटरांच्या १९२० च्या ‘सैरंध्री’त काम करणाऱ्या गुलाबबाईंची कमलादेवी झाली. त्याच्या सात वर्षं आधी, १९१३ मध्ये फाळक्यांना ‘राजा हरिश्चंद्र’च्या तारामतीसाठी बाई मिळालीच नव्हती, उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंक्यांना लुगडं नेसवावं लागलं. त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’साठी दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई पुढे आल्या. म्हणजे १९१३ ते १९३६, जेमतेम तेवीस वर्षं. एवढ्या काळात आपला सिनेमा लुगडं नेसलेल्या पुरुषापासून जिजाईपर्यंत आला. दुर्गाबाई खोट्यांनी आत्मचरित्र लिहिलं, हंसाबाईंनीही लिहिलं. गौरीबाईंचं म्हणणं आपल्याला पडद्यावरूनच वाचावं लागतं, म्हणून ते नीट वाचावं, ‘तशीच होती’ म्हणून पान उलटू नये, एवढा माझा आग्रह आहे.

इंद्रायणीकाठ

तिसरी_घंटा ताई, फार मनापासून लिहिलंत. मी नाटका-सिनेमातला नाही. आमचं घर माळकरी, देहूच्या बाजूचं. एक गोष्ट सांगावीशी वाटली.

आमच्याकडे कीर्तनात जिजाई, म्हणजे अवली, बहुतेक वेळा कजाग बायको म्हणून येते. लोक हसतात. पण तिची बाजू मांडायला पहिल्यांदा सुरुवात केली ती खुद्द तुकोबांनी. गाथेत तिच्या करकरीचे अभंग आहेत, तिच्याच तोंडचे:

“गोणी आली घरा । दाणे खाऊं नेदी पोरां”

घरात धान्याची गोणी येते आणि हा पोरांना दाणा खाऊ देत नाही, लोकांच्या ओट्या भरतो. ‘मजचि भोंवता केला येणें जोग’ हाही त्यातलाच. साऱ्या जगाला सोडून माझ्यापुरताच याने जोग घेतला, असं ती म्हणते. आपल्यावर बायको काय आरोप करते ते माणसाने इतकं नेमकं, तिच्या ठसक्यासकट लिहून ठेवलं, याला फार मोठं मन लागतं. तुम्ही म्हणता ती धान्य वाटल्याची किंमत तिथेच नोंदलेली आहे. मला वाटतं वाशीकरांनी गाथेतली ही बाई उचलली आणि गौरीबाईंनी तिला आवाज दिला.

दुसरं, तिच्या पायात काटा मोडल्याची कथा. तुकोबा भंडाऱ्याच्या डोंगरावर बसलेले असायचे आणि ती रोज भाकरी घेऊन डोंगर चढायची. एकदा काटा रुतला तेव्हा विठ्ठलाने येऊन तो काढला, असं आमच्यात सांगतात. तोंडाने शिव्या, पण भाकरी चुकली नाही. म्हणून देवळाच्या प्रवेशात ती देवाला मारायला निघालेली मला दिसत नाही. जिच्या पायातला काटा ज्याने काढला त्याच्यावरच ती रागावणार ना? ती घरच्या माणसाकडे जावं तशी जाते. तो राग हीच तिची भक्ती.

आणि शेवटी तुकोबा वैकुंठाला चल म्हणतात आणि ती घरचं, पोराबाळांचं सोडून निघत नाही, यावरही लोक हसतात. आमच्याकडे सांगतात की तुकोबा गेले तेव्हा ती गरोदर होती. त्या पोटातले ते नारायणबाबा. त्यांनीच १६८५ मध्ये तुकोबांच्या पादुका पालखीत घालून पंढरीच्या वाटेवर नेल्या. ती तेव्हा थांबली, म्हणून पुढचं सगळं झालं.

खडूफळा

तिसरी_घंटा, तारामतीचा मुद्दा मला विचार करायला लावणारा आहे. राणीलाही अभिनय आणि दासीलाही अभिनय, हे मी तसं ताडून पाहिलं नव्हतं. पण एक शंका राहतेच. एका भूमिकेवरून ठरवायचं कसं? एकच काम उत्तम वठलं तर ते कौशल्य आहे की योगायोग, हे दुसरं काम पाहिल्यावरच कळेल.

कोरांटी

सगळ्यांचे खूप आभार. मामांना हा धागा वाचून दाखवणार आहे. खडूफळा सरांच्या प्रश्नाला जोडून विचारते, ‘संत सखू’ पाहावा का? आणि तिसरी_घंटाताई, इतकं काम येत असून गौरीबाईंना कुणी नायिका का केलं नसेल?

तिसरी_घंटा

सर, तुमची शंका रास्त आहे आणि तिचं उत्तर ‘संत सखू’तच आहे. कोरांटी, जरूर पाहा.

गोष्ट तुला माहीत असेल. कऱ्हाडची सखू, पंढरीला जायची ओढ, सासू जाऊ देत नाही, बांधून ठेवते, आणि विठ्ठल सखूचं रूप घेऊन तिच्या जागी उभा राहतो. १९४१ मध्ये दामले-फत्तेलालांनी राजा नेन्यांबरोबर हा चित्रपट केला आणि सासू, म्हाळसाकाकू, गौरीबाईंना दिली. वरवर बघितलं तर तेच काम. पुन्हा संतपट, पुन्हा तोंडाळ बाई, पुन्हा देवभक्ताला छळणारी. आळशी नटीने जिजाईच पुन्हा करून दाखवली असती आणि कुणाची तक्रारही आली नसती.

दोन्ही पाठोपाठ पाहा म्हणजे फरक दिसेल. जिजाईचा राग भुकेतून येतो. ती ओरडते कारण ऐकणारं कुणी नाही. म्हाळसाकाकूचा राग सत्तेतून येतो. घर तिच्या मुठीत आहे, ऐकायला सून आहे, त्यामुळे तिला घाई नाही. जिजाई ओरडत असताना स्वतः राबते, म्हाळसाकाकू ओरडून दुसरीला राबवते. बाईचं अंग दोन्हीकडे तेच, पण एकीकडे ते कामाने वाकलेलं आहे आणि दुसरीकडे दुसऱ्याला वाकवणारं. ‘तशीच होती’ म्हणायचं तर यातली कुठली ‘तशी’ म्हणायची? पोरांसाठी देवावर वहाण उगारणारी, की सुनेला दोरीने बांधणारी?

सासूचं काम करणाऱ्या सगळ्या मुलींना मी सांगते की दुष्टपणा करू नका, हक्क करा. म्हाळसाकाकूला आपण वाईट वागतोय असं वाटतच नाही, घराची शिस्त राखतोय असंच वाटतं. गौरीबाई तो हक्क इतक्या सहज वापरतात की हंसाबाईंच्या सखूला बिचारेपणा वेगळा दाखवावा लागत नाही. पुन्हा तेच, समोरचीचं काम हलकं करून देणं.

नायिका का केलं नाही, याचं माझं उत्तर सरळ आहे. त्या काळात नायिकेला गाता यावं लागे, चेहरा विशिष्ट ठेवणीचा लागे, आणि बोली शहरी लागे. ‘कुंकू’मध्ये शांता आपटे, ‘माणूस’मध्ये शांता हुबळीकर, दोघी गायिका आणि दोघी विलक्षण. गौरीबाईंचं बळ या कुठल्याच रकान्यात बसत नव्हतं. पण मला त्याचं दुःख करावंसं वाटत नाही. जिजाई त्या चित्रपटात नायिकेच्या जागेवर नाही म्हणूनच तिला सुंदर दिसायचं, सोसायचं, समजूतदार व्हायचं ओझं नाही. ती हवी तेवढी कर्कश होऊ शकते. ती मोकळीक दुय्यम भूमिकेतच मिळते. मला स्वतःला हीच कामं का आवडतात, याचंही उत्तर यात आलं.

इंद्रायणीकाठ, गाथेतल्या त्या ओळींसाठी तुमचे मनापासून आभार. आमच्या पुढच्या तालमीत मी त्या मुलींकडून म्हणून घेणार आहे. फक्त एका ठिकाणी माझं मत वेगळं आहे. देवळातल्या त्या रागाला लगेच भक्ती म्हणू नये असं मला वाटतं. चमत्कार होईपर्यंत तिला माहीत नाही की पोर वाचणार आहे. तोवर तो निव्वळ राग आहे, पोर हातचं जाईल या भीतीने पेटलेला, आणि गौरीबाईंनी तो तसाच केला आहे. देवाशी असलेलं नातं त्यांनी त्या वेळी दाखवायला घेतलं असतं तर प्रवेश आधीच मऊ पडला असता. तुम्ही तो प्रवेश पुन्हा एकदा पाहा आणि तुम्हाला काय वाटतं ते इथे लिहा. कोरांटी, तूही ‘सखू’ पाहून झालं की लिही, मामांचं म्हणणंही कळव.